जॉर्ज कॅडबरी : धर्म आणि हिशेबवही

तळेगावहून चाकणकडे जाताना इंदुरी येथे चॉकलेटचा जो मोठा कारखाना लागतो, तो कॅडबरीचा म्हणून सर्वांस ठाऊक आहे. हे नाव मोठे करणारे कारखानदार जॉर्ज कॅडबरी यांचे चरित्र मात्र आपल्याकडे फारसे परिचित नाही.

त्यांचा जन्म १८३९ साली बर्मिंगहॅम येथे, क्वेकर पंथीय कुटुंबात झाला. या ख्रिस्ती पंथात वेतनधारी पुरोहित नसतो, उपासना बहुतांशी मौनात होते आणि युद्ध सर्वस्वी निषिद्ध असते. ऑक्सफर्ड व केंब्रिजची दारे या पंथीयांना दीर्घकाळ बंद होती. सैन्य त्यांनी स्वतःच वर्ज्य केले होते. उरला व्यापार. त्यात कोको हे मद्याला पर्यायी पेय असल्याने या मंडळींना विशेष प्रिय.

१८६१ साली जॉर्ज व थोरले बंधू रिचर्ड यांच्या हाती आलेला पित्याचा धंदा डबघाईस आलेला होता. मातेच्या वारशातून प्रत्येकी ४,००० पौंड त्यात घातले गेले. कोकोच्या बियांतील स्निग्धांश शोषून घेण्यासाठी त्या काळी बटाट्याचे पीठ वा साबूचे पीठ मिसळले जाई. या बंधूंनी स्निग्धांश काढून टाकणारे डच यंत्र आणले आणि १८६६ साली शुद्ध कोको विक्रीस ठेवला. धंद्याचे दैव पालटले. धर्मबुद्धी आणि नफा यांचे हित येथे एकत्र आले. असा योग नेहमी येत नाही.

जॉर्ज सुमारे पन्नास वर्षे दर रविवारी सकाळी प्रौढ कामगारांना लिहावाचावयास शिकवीत. त्यांच्या घरी जाणे होई आणि त्या अंधाऱ्या, कोंदट खोल्या पाहूनच घरबांधणीचा विचार त्यांच्या मनात रुजला. १८७९ साली कारखाना शहराबाहेर बोर्नव्हिल येथे गेला. १८९५ पासून शेजारी बागेसह घरे उभी राहू लागली. १९०० साली ३१३ घरे व जमीन त्यांनी विश्वस्त मंडळाच्या स्वाधीन केली. उत्पन्न कुटुंबाकडे न येता घरांवरच खर्चावे, अशी व्यवस्था केली. ही घरे केवळ कारखान्याच्या नोकरांसाठी नव्हती, हे अधिक महत्त्वाचे. आपल्याकडे पिंपरीला हिंदुस्थान अँटिबायोटिक्ससारख्या कारखान्याबरोबर वसाहत झाली. पण अशा क्वार्टरचा आधार नोकरीपुरताच. बाकीच्या कामगारांनी पिंपळे गुरव, सांगवी येथे भाड्याची खोली घेतली, नाहीतर गुंठा-अर्धा गुंठा घेऊन आपले छप्पर आपणच उभारले. नोकरी आणि निवारा यांची अशी फारकत जॉर्ज कॅडबरींनी मालक असूनही केली.

परंतु याच चरित्राला दुसरी बाजू आहे. कंपनीच्या कोकोपैकी निम्म्याच्या आसपास माल साओ टोमे या बेटावरून येई. गोव्याप्रमाणेच ते पोर्तुगीज अमलाखाली होते. अंगोलातून आणलेले मजूर तेथे कराराच्या नावाखाली वस्तुतः गुलामगिरीत राबतात, ही वार्ता १९०१ साली कंपनीच्या कानी आली. १९०५ साली चौकशीस माणूस पाठविला गेला. खरेदी थांबली ती मार्च १९०९ मध्ये. ग्राहक राहिलो तरच पोर्तुगीजांवर दडपण आणता येईल, हा कंपनीचा युक्तिवाद. तो अगदीच पोकळ नव्हता. पण आठ वर्षे माल येत राहिला, हेही खरे. त्याच काळात जॉर्ज यांच्या मालकीचे ‘डेली न्यूज’ हे पत्र दक्षिण आफ्रिकेतील चिनी मजुरांच्या पिळवणुकीवर कोरडे ओढीत होते.

प्रतिस्पर्धी ‘स्टँडर्ड’ पत्राने नेमके यावर बोट ठेवले. कंपनीने अब्रुनुकसानीचा दावा लावला. १९०९ च्या डिसेंबरात ज्यूरीने निकाल कंपनीच्या बाजूने दिला आणि भरपाई ठरविली एक फार्दिंग, म्हणजे पाव पेनी. पुढे कोको गोल्ड कोस्ट, आजच्या घानातून येऊ लागला. जॉर्ज कॅडबरी १९२२ साली निवर्तले. बोर्नव्हिलचे विश्वस्त मंडळ आजही घरे सांभाळते आहे.