सुधारगृहाला नाव देणारा बगदादचा सौदागर

खास प्रतिनिधी

मुरुड : मुरुड, एकदरा आणि राजपुरीच्या कोळीवाड्यांत ससून हे नाव कुणाला समजावून सांगावे लागत नाही. रायगडच्या किनाऱ्यावरील मासळीची मोठी बाजारपेठ म्हणजे मुंबईतील ससून डॉक. पुणेकरांना हेच नाव रुग्णालयामुळे ठाऊक आहे, तर मुंबईच्या वाचनप्रेमींना काळा घोडा येथील ग्रंथालयामुळे. मात्र याच नावाची एक चौथी वास्तू माहीमला आहे आणि तिच्याकडे सहसा कुणाचे लक्ष जात नाही. कायद्याच्या कचाट्यात सापडलेल्या मुलांसाठी असलेली डेव्हिड ससून औद्योगिक शाळा ती हीच. अल्पवयीन मुलाच्या हातून गंभीर गुन्हा घडला की त्याला प्रौढांसारखी शिक्षा व्हावी, अशी मागणी होऊ लागते. अशा वेळी या शाळेच्या आश्रयदात्याचे चरित्र आठवणे उद्बोधक ठरावे.

डेव्हिड ससून यांचा जन्म १७९२ मध्ये बगदाद येथे एका प्रतिष्ठित ज्यू कुटुंबात झाला. वडील शेख सासून हे तेथील पाशांचे खजिनदार होते. परंतु दाऊद पाशाच्या कारकिर्दीत ज्यू व्यापाऱ्यांचा छळ सुरू झाला. तरुण डेव्हिड यांनाही पकडण्यात आले होते आणि वडिलांनी पैसे भरून त्यांची सुटका करवली, अशी हकीकत घराण्यात सांगितली जाते. पुढे इराणच्या आखातातील बुशहर बंदरात आसरा घेऊन, १८३२ च्या सुमारास ते कुटुंबासह मुंबईत दाखल झाले. तेव्हा त्यांनी वयाची चाळिशी गाठली होती.

मुंबईतील उत्कर्ष

मुंबईत त्या वेळी व्यापाराचे नवे युग सुरू होत होते. १८३३ च्या सनदी कायद्याने ईस्ट इंडिया कंपनीची चीनच्या व्यापारातील मक्तेदारी संपुष्टात आणली आणि खासगी पेढ्यांना मोकळे रान मिळाले. ससून यांनी कापूस, सूत, कापड आणि अफू यांच्या व्यापारात हात घातला. आठ मुलगे हीच त्यांची मोठी शक्ती होती. १८४४ मध्ये दुसरा मुलगा इलायस चीनला गेला आणि पेढीच्या शाखा पूर्वेकडील बंदरांत पसरल्या. थोरल्या अब्दुल्लाने, म्हणजे पुढच्या सर आल्बर्ट ससून यांनी, वडिलांच्या पश्चात १८७५ मध्ये कुलाब्याची गोदी बांधली.

या संपत्तीचा एक मोठा हिस्सा अफूतून आला होता, ही गोष्ट चरित्रकाराला झाकता येणार नाही. त्या व्यापाराने चीनमध्ये किती घरे उद्ध्वस्त केली हे इतिहासाला ठाऊक आहे. मुंबईतील अनेक नामांकित पारशी व गुजराती घराण्यांची दानशीलताही त्याच पैशावर उभी होती. ससून यांचे दान मोठे होते. ते निष्कलंक पैशातून आले होते, असे म्हणता येत नाही.

व्यक्तिगत आयुष्यात ते जुन्या वळणाचे राहिले. बगदादी पोशाख त्यांनी सोडला नाही. अरबी, हिब्रू, फारसी, तुर्की या भाषा त्यांना अवगत होत्या, हिंदुस्थानीही ते शिकले. इंग्रजीशी मात्र त्यांचे जमले नाही. १८५३ मध्ये ब्रिटिश नागरिकत्व स्वीकारताना त्यांनी हिब्रूतच सही केली. भायखळ्याचा त्यांचा सॉं सूसी हा वाडा आज मसीना रुग्णालय म्हणून ओळखला जातो.

आपल्या रायगडच्या किनाऱ्यावर त्यांच्या आगमनाच्या कितीतरी पिढ्या आधीपासून बेने इस्रायल समाज नांदत होता. तेलाचे घाणे चालवणारे आणि शनिवारी काम बंद ठेवणारे म्हणून त्यांना शनवार तेली म्हणत. अलिबागच्या इस्रायल आळीचे नाव त्यांच्यामुळेच पडले. या समाजातील अनेक जण मुंबईत स्थायिक झाले होते. बगदादी ज्यू आणि कोकणी, मराठी बोलणारे बेने इस्रायल यांच्यात धर्म एक असूनही सामाजिक अंतर राहिले, हेही येथे नमूद केले पाहिजे.

भटक्या मुलांची शाळा

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावरील मुंबईत गिरण्या, रेल्वे आणि बंदर यांच्या ओढीने माणसे येत होती. त्यांच्याबरोबर अनाथ आणि निराधार मुलेही रस्त्यावर वाढत होती. चोरी करताना पकडलेल्या दहा-बारा वर्षांच्या मुलाला प्रौढ कैद्यांसोबत तुरुंगात टाकणे हा तेव्हाचा सरधोपट उपाय होता. तुरुंगातून तो मुलगा अधिक निर्ढावून बाहेर पडे.

हे चक्र तोडण्याच्या विचारातून बॉम्बे टाइम्सचे संपादक डॉ. जॉर्ज बुइस्ट यांनी १८५० च्या सुमारास उद्योगशाळा सुरू केली. त्याच वर्षीच्या ॲप्रेंटिस कायद्याने दहा ते अठरा वर्षांच्या निराधार किंवा किरकोळ गुन्ह्यात सापडलेल्या मुलांना तुरुंगाऐवजी कारागिराच्या हाताखाली शिकाऊ म्हणून ठेवण्याची मुभा दिली. भारतातील बाल न्यायाची ही पहिली कायदेशीर पायरी मानली जाते.

बुइस्ट यांच्या शाळेचा पाया पैशाअभावी भक्कम नव्हता. १८५७ मध्ये डेव्हिड ससून यांनी तिला भरघोस आर्थिक आधार दिला आणि संस्थेला त्यांचे नाव लाभले. पोलिसांनी पकडलेल्या मुलांची सुधारणा करणे आणि कष्टकरी वर्गात उमेदवारीने धंदा शिकण्याची प्रथा रुजवणे, असे तिचे दुहेरी उद्दिष्ट होते. मुलाच्या हातात बेडीऐवजी हत्यार, म्हणजे सुताराचा रंधा किंवा लोहाराचा हातोडा द्यायचा, हे त्यामागचे सूत्र.

१८५७ हे वर्ष लक्षात घेण्यासारखे आहे. उत्तरेत उठाव पेटला होता आणि इंग्रजी वृत्तपत्रांतून सूडाची भाषा सुरू झाली होती. मुलांना सुधारण्याची संधी मागणारे बुइस्टच उठावकऱ्यांविरुद्ध इतके कडवट लिहू लागले, की पत्राच्या भारतीय भागधारकांशी त्यांचा खटका उडाला आणि संपादकपद गेले. भयाच्या आणि संतापाच्या काळात सुधारकाचा तोलही कसा ढळतो, याचे हे उदाहरण होय.

मृत्यू आणि वारसा

डेव्हिड ससून यांचे नोव्हेंबर १८६४ मध्ये पुण्यात निधन झाले. लष्कर भागातील लाल देऊळ या नावाने परिचित असलेल्या ओहेल डेव्हिड सिनेगॉगच्या आवारात त्यांची समाधी आहे. त्यांच्या देणगीतून उभे राहिलेले पुण्याचे रुग्णालय १८६७ मध्ये सुरू झाले.

संस्था मात्र वाढत गेली. १८७६ आणि १८९७ च्या कायद्यांनी सुधारशाळांना सरकारी चौकट दिली. मुंबई प्रांताने १९२४ मध्ये स्वतःचा बालक कायदा केला. १९२७ मध्ये चिल्ड्रन्स एड सोसायटी स्थापन झाली. डोंगरीचे निरीक्षणगृह आणि माहीमची ससून शाळा तिच्या छत्राखाली आली. १९८६ मध्ये देशभरासाठी एकच बाल न्याय कायदा झाला. २००० च्या कायद्याने मुलगा आणि मुलगी दोघांसाठी वयोमर्यादा अठरा ठरवली.

या वाटचालीला कलाटणी मिळाली ती दिल्लीतील डिसेंबर २०१२ च्या सामूहिक बलात्कार प्रकरणाने. सहा आरोपींपैकी एक अठरा वर्षांना काही महिने कमी होता. त्याला तीन वर्षांची कमाल मुदत मिळाली. देशभर उसळलेल्या संतापानंतर २०१५ चा कायदा आला. त्यानुसार सोळा ते अठरा वयोगटातील मुलाने निर्घृण गुन्हा केल्याचा आरोप असेल, तर बाल न्याय मंडळ प्राथमिक मूल्यमापन करून प्रकरण बाल न्यायालयाकडे पाठवू शकते. तेथे प्रौढाप्रमाणे खटला चालू शकतो. पण फाशी किंवा सुटकेची शक्यताच नसलेली जन्मठेप देता येत नाही.

मे २०२४ मध्ये पुण्याच्या कल्याणीनगरमध्ये सतरा वर्षांच्या मुलाच्या भरधाव मोटारीने दोन तरुण अभियंत्यांचा बळी घेतला. तीनशे शब्दांचा निबंध लिहिण्याच्या अटीसह मिळालेल्या जामिनाने जनक्षोभ उसळला. पुढे त्या मुलाच्या रक्ताचे नमुने बदलल्याच्या आरोपावरून ससून रुग्णालयातील डॉक्टरांना अटक झाली. त्याच्यावर प्रौढाप्रमाणे खटला चालवण्याची पोलिसांची विनंती जुलै २०२५ मध्ये मंडळाने फेटाळली. निराधार मुलांना दुसरी संधी देण्यासाठी पैसा खर्च करणाऱ्या माणसाच्या नावाची वास्तू, पैशाच्या बळावर मुलाला वाचवल्याच्या आरोपात अडकावी, हा दैवदुर्विलासच म्हटला पाहिजे.

मृतांच्या कुटुंबीयांचा संताप समजण्यासारखा आहे आणि कोणत्याही न्यायव्यवस्थेने त्याची उपेक्षा करता कामा नये. पण निबंधाची अट काय किंवा प्रौढांचा तुरुंग काय, दोन्हींत मुलाला बदलण्याचे कष्ट कुणी घ्यायचे, हा प्रश्न अनुत्तरितच राहतो. सुधारणा म्हणजे सूट नव्हे. शिस्त, शिक्षण, हाताला काम आणि डोळ्यांत तेल घालून पाहणारी माणसे, एवढे सारे तिला लागते आणि त्याला पैसाही लागतो. १८५० च्या कायद्याने वाट दाखवली, तरी शाळेला स्थैर्य आले ते तिचा खर्च उचलणारा कुणी पुढे आल्यावर.

आज मुरुडच्या एखाद्या मुलाच्या हातून गुन्हा घडला, तर त्याचे प्रकरण रायगड जिल्ह्याच्या बाल न्याय मंडळापुढे जाईल. कायद्याची कलमे त्याच्यासाठी तयार आहेत. निरीक्षणगृहात समुपदेशक आहे का, धंदा शिकवणारा कारागीर आहे का आणि बाहेर पडल्यावर त्याला कामावर ठेवणारा कुणी आहे का, यावर त्या मुलाचे पुढचे आयुष्य ठरेल. त्याच्या शेजाऱ्यांची सुरक्षितताही त्यावरच अवलंबून असेल. इंग्रजीत सही न करणाऱ्या या सौदागराने पावणेदोनशे वर्षांपूर्वी जी जबाबदारी खासगी तिजोरीतून उचलली, ती आज शासनाची आणि समाजाची आहे.