पडद्यावरचा दारुडा, घरातला परहेजगार

इंदूरचे बदरुद्दीन काझी गिरणी कामगाराचे चिरंजीव. गिरणी बंद पडली आणि कुटुंब पोटासाठी मुंबईला आलं. बदरुद्दीन बेस्टच्या बसवर कंडक्टर झाले. तिकिटं फाडता फाडता ते प्रवाशांना हसवत. बलराज साहनींनी हा गुण हेरून त्यांना गुरुदत्तकडे पाठवलं. तिथं त्यांनी दारुड्याचं सोंग असं काही वठवलं, की ‘बाझी’मध्ये (१९५१) काम मिळालं आणि व्हिस्कीवरून नावही मिळालं : जॉनी वॉकर! खरं तर दारूला त्यांनी कधी हात लावला नाही.

‘प्यासा’तला मालिशवाला, फिल्मफेअर मिळवून देणारा ‘मधुमती’तला चरणदास, ‘आनंद’मधला ईसाभाई... भूमिका दुय्यम, पण प्रेक्षक घरी परतताना त्यांनाच आठवत परतायचे. घरातल्या लहानथोरांसोबत बसून पाहता यावा, असाच त्यांचा विनोद होता. पुढे सिनेमातला विनोद अश्लीलतेकडे झुकू लागला, तेव्हा त्यांनी कामच कमी केलं. चालू असलेली मिळकत अशी सोडणं सोपं नसतं. स्वतःची शाळा अर्ध्यात सुटलेल्या या बापानं मुलांना मात्र परदेशात शिकवलं.

‘चाची ४२०’ (१९९७) हा त्यांचा अखेरचा चित्रपट. २९ जुलै २००३ रोजी मुंबईत त्यांचा इंतकाल झाला.

रोजा केवळ पोटाचा नसतो, जिभेचाही असतो, हे आपण रमजानमध्ये ऐकतो. लोकांना हसवणाऱ्या या माणसानं जिभेचा रोजा बाराही महिने सांभाळला.