नभोवाणीतला खानदेशपुत्र

डिसेंबर १९३६ मध्ये काँग्रेसचे ग्रामीण भागातील पहिले अधिवेशन भरले आणि फैजपूर हे पूर्व खानदेशातील गाव देशाला ठाऊक झाले. त्याच्या सत्तावीस वर्षे आधी, १ डिसेंबर १९०९ रोजी, याच गावात बाळ सीताराम मर्ढेकर यांचा जन्म झाला होता. मराठी नवकवितेचे प्रवर्तक म्हणून मर्ढेकर साऱ्या महाराष्ट्राला परिचित आहेत. परंतु या कवीच्या आयुष्याची अठरा वर्षे नभोवाणीच्या नोकरीत गेली, ही बाजू मात्र तुलनेने कमी सांगितली जाते.

मर्ढेकरांचे मूळ आडनाव गोसावी. सातारा जिल्ह्यातील मर्ढे या गावावरून घराण्याला मर्ढेकर हे नाव मिळाले. वडील शिक्षक असल्याने घरात पुस्तकांचे वातावरण होते आणि शालेय शिक्षण खानदेशातच, पुढे धुळ्याला झाले. तेथून ते पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात गेले. हुशार मुलाने आय.सी.एस. व्हावे, ही त्या काळच्या मध्यमवर्गाची सर्वांत मोठी आकांक्षा. तीच घेऊन मर्ढेकरांनी १९२९ मध्ये इंग्लंड गाठले. ती परीक्षा त्यांना साधली नाही. मात्र इंग्रजी साहित्य, आधुनिक कला आणि सौंदर्यशास्त्र यांचा जो व्यासंग तेथे जडला, तो अखेरपर्यंत सुटला नाही. १९३७ मध्ये प्रसिद्ध झालेला ‘आर्ट्स अँड मॅन’ हा त्यांचा इंग्रजी ग्रंथ त्याच व्यासंगाचे फळ होय.

मायदेशी परतल्यावर पत्रकारिता आणि इंग्रजीचे अध्यापन असे टप्पे घेत मर्ढेकर १९३८ मध्ये ‘ऑल इंडिया रेडिओ’च्या सेवेत रुजू झाले. हे खाते तेव्हा अगदी तरुण होते. मुंबईत २३ जुलै १९२७ रोजी एका खासगी कंपनीने नियमित प्रसारण सुरू केले होते. ती कंपनी १९३० मध्ये बुडाली, कारभार सरकारकडे आला आणि ‘ऑल इंडिया रेडिओ’ हे नाव मिळाले ते १९३६ मध्ये. स्वातंत्र्य मिळाले तेव्हाही विभाजनानंतरच्या भारताच्या वाट्याला अवघी सहा केंद्रे आली. महाराष्ट्रात मुंबईनंतर नागपूर १९४८ मध्ये आणि पुणे १९५३ मध्ये ऐकू येऊ लागले. खानदेशात केंद्र असण्याचा प्रश्नच नव्हता. त्यामुळे या खानदेशपुत्राची सेवा मुंबई, कोलकाता, पाटणा, तिरुचिरापल्ली आणि दिल्ली अशा दूरदूरच्या शहरांत झाली.

या माध्यमाने मर्ढेकरांना एक नवा वाङ्मयप्रकार हाताळण्याची संधी दिली. नभोवाणीला रंगमंच नाही, पडदा नाही, नटाचा चेहरा नाही. जे काही घडवायचे ते शब्द, स्वर आणि शांतता यांतूनच. संगीत नाटकाची मोठी परंपरा असलेल्या मराठीत पदे भरपूर होती, पण ती संवादांच्या अधूनमधून येत. संपूर्ण नाट्यच संगीतातून उलगडणारी संगीतिका ही गोष्ट वेगळी. ‘कर्ण’, ‘संगम’, ‘औक्षण’ आणि ‘बदकांचे गुपित’ या मर्ढेकरांच्या संगीतिका १९४० च्या दशकातल्या. मराठीतील या प्रकाराचा विचार त्यांना वगळून करता येत नाही. याच दशकात ‘रात्रीचा दिवस’, ‘तांबडी माती’ आणि ‘पाणी’ या कादंबऱ्याही त्यांनी लिहिल्या.

त्यांच्या कवितेनेही याच काळात कात टाकली. ‘शिशिरागम’ (१९३९) हा पहिला संग्रह रविकिरण मंडळाच्या वळणाचा होता. महायुद्धाचा संहार, महानगरातील यांत्रिक जगणे आणि गर्दीत हरवलेला माणूस यांनी ‘काही कविता’ (१९४७) भरून गेली. पिंपात मेलेल्या उंदरांवरही कविता होऊ शकते, याचा वाचकांना धक्का बसला. या संग्रहावर अश्लीलतेचा आरोप झाला आणि मुंबई सरकारने १९४८ मध्ये खटला भरला. स्वतः सरकारी नोकर असलेला कवी सरकारच्याच आरोपाखाली न्यायालयात उभा राहिला. दोषी ठरले असते, तर कवितेच्या प्रतिष्ठेबरोबर पोटाची भाकरीही पणाला लागली असती.

अशा वेळी गप्प बसणे सोयीचे होते. मर्ढेकर गप्प बसले नाहीत. खटल्याचे सावट असतानाच १९५१ मध्ये त्यांनी ‘आणखी काही कविता’ हा संग्रह प्रसिद्ध केला. १९५२ मध्ये त्यांची निर्दोष मुक्तता झाली. त्यानंतरच्या पिढ्यांनी मराठीत जे मोकळेपणाने लिहिले, त्याच्या मागे या निकालाचे बळ आहे. योगायोग असा, की त्याच वर्षी जळगावच्या बहिणाबाई चौधरी यांची गाणी त्यांच्या निधनानंतर पुस्तकरूपाने प्रकाशात आली. मराठी कवितेच्या दोन अगदी भिन्न वाटा, पण दोन्हींचा उगम पूर्व खानदेशातला.

मर्ढेकरांना मोकळा श्वास फार काळ लाभला नाही. २० मार्च १९५६ रोजी दिल्लीत त्यांचे निधन झाले. वय अवघे ४६ वर्षे. ‘सौंदर्य आणि साहित्य’ या ग्रंथाला १९५६ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला, पण तो मरणोत्तर. सरकारने ज्याच्यावर खटला भरला, त्याचाच राष्ट्रीय संस्थेने गौरव केला. मधे जेमतेम आठ वर्षांचे अंतर होते.

त्यांच्या निधनानंतर तब्बल वीस वर्षांनी, १९७६ मध्ये, जळगावला आकाशवाणीचे केंद्र सुरू झाले. तोवर मुंबई-पुण्याच्या लहरींवर कान लावून बसणाऱ्या खानदेशी श्रोत्याला आपल्या भागातील बातमी, शेतीची माहिती आणि ओळखीच्या वळणाची बोली घरबसल्या ऐकू येऊ लागली. फैजपूरच्या शेतकऱ्यापर्यंतही तो आवाज पोहोचला. त्याच गावात जन्मलेल्या एका माणसाने नभोवाणीसाठी आयुष्याची उमेदीची वर्षे दिली होती, पण ती सारी परमुलखात. खानदेशचा स्वतःचा आवाज ऐकायला तो उरला नव्हता.