श्वासाला प्रयोगशाळेत नेणारे योगी : स्वामी कुवलयानंद

श्वास पूर्णपणे बाहेर टाकायचा, कंठ मिटून घ्यायचा आणि हवा आत न घेता छाती फुलवायची. पोट आपोआप पाठीकडे ओढले जाते आणि फासळ्यांखाली खोल खळगा पडतो. हठयोगात याला उड्डियान बंध म्हणतात. शतकानुशतके गुरूने शिष्याला एकांतात शिकवलेली ही क्रिया १९२०-२१ मध्ये बडोद्याच्या सरकारी रुग्णालयात क्ष-किरण यंत्रासमोर करून पाहिली गेली. त्यामागे कोणी डॉक्टर नव्हता. अमळनेरच्या राष्ट्रीय महाविद्यालयाचे प्राचार्य जगन्नाथ गणेश गुणे यांनी हा उद्योग आरंभला होता. पुढे जग त्यांना स्वामी कुवलयानंद या नावाने ओळखू लागले.

कुवलयानंदांचा जन्म ३० ऑगस्ट १८८३ रोजी गुजरातेतील डभोई येथे एका मराठी कुटुंबात झाला. घरची परिस्थिती बेताची होती. मात्र बुद्धी तल्लख असल्याने १९०३ मध्ये मॅट्रिकच्या परीक्षेत संस्कृतसाठी दिली जाणारी जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती त्यांनी मिळवली. त्यानंतर ते बडोदा कॉलेजात दाखल झाले. अरविंद घोष त्या काळी बडोद्यात अध्यापन करीत होते, तर महाराष्ट्रात लोकमान्य टिळकांच्या राजकारणाने तरुण भारावले होते. या दोन्ही प्रभावांचा ठसा त्यांच्यावर कायमचा उमटला. देशसेवा आणि ब्रह्मचर्य या दोन व्रतांना ते आयुष्यभर बांधील राहिले.

आखाड्यातून योगाकडे

बडोद्यातच १९०७ ते १९१० या काळात राजरत्न माणिकराव यांच्या जुम्मादादा व्यायाममंदिरात त्यांनी भारतीय व्यायामपद्धतीचे रीतसर शिक्षण घेतले. शरीर हे राष्ट्रकार्याचे साधन आहे, ही धारणा तिथे पक्की झाली. १९१० मध्ये पदवीधर झाल्यानंतर ते खानदेशात शिक्षणकार्यात रमले. १९१६ पासून अमळनेरच्या राष्ट्रीय महाविद्यालयाचे प्राचार्यपद त्यांच्याकडे होते. १९२३ मध्ये ब्रिटिश सरकारच्या अवकृपेमुळे ते महाविद्यालय बंद पडले.

तोपर्यंत त्यांच्या आयुष्याला वेगळे वळण लागले होते. १९१९ मध्ये नर्मदाकाठच्या मालसर येथे परमहंस माधवदासजी या वृद्ध योग्याची आणि त्यांची भेट झाली. आखाड्यातल्या व्यायामाने शरीर कमावलेला हा तरुण गुरूकडून प्राणायाम, बंध आणि क्रिया शिकू लागला. १९२१ मध्ये माधवदासजींचे देहावसान झाले. सहवास अल्प लाभला, पण त्याने कुवलयानंदांच्या उरलेल्या आयुष्याची दिशा ठरवली.

साधनेत आलेले अनुभव त्यांना नाकारता येत नव्हते आणि त्यांविषयीची पारंपरिक स्पष्टीकरणे त्यांच्या चिकित्सक बुद्धीला पुरेशी वाटत नव्हती. अनुभवावर विसंबून तपासणी टाळावी, की तपासणीच्या नादात गुरूने दिलेली विद्या उघड्यावर मांडावी, हा पेच साधा नव्हता. योगविद्या गुप्त राखावी असे परंपरा सांगत होती, तर इंग्रजी शिकलेला वर्ग तिच्याकडे जादूटोणा म्हणून पाहत होता. या दोहोंना उत्तर द्यायचे तर मोजमाप केल्यावाचून गत्यंतर नाही, असा निष्कर्ष त्यांनी काढला आणि बडोद्यातले प्रयोग सुरू झाले.

पोकळीचे कोडे

प्रयोगांसाठी त्यांनी निवडलेल्या क्रिया सूचक होत्या. उड्डियानाच्या स्थितीत पोटाचे मधले दोन उभे स्नायू आकुंचित करून पुढे आणले की नौली होते. नौलीच्या साह्याने योगी गुदद्वारावाटे मोठ्या आतड्यात पाणी वर ओढून घेतात. हीच बस्तिक्रिया. पंपावाचून पाणी वर चढते कसे, हे कोडे होते. प्राण आणि अपान यांच्या भाषेत परंपरेने त्याचा उलगडा केला होता. कुवलयानंदांनी मोठ्या आतड्यातील दाब मोजण्यासाठी दाबमापकाची योजना केली. नौली सुरू होताच आतड्यातील दाब बाहेरच्या हवेच्या दाबापेक्षा खाली जातो, असे दिसून आले. आत अंशतः निर्वात स्थिती निर्माण झाल्याने बाहेरचे पाणी आत शिरत होते. त्यात चमत्कार कुठेच नव्हता. या निर्वात स्थितीला त्यांनी आपल्या गुरूचे, माधवदासजींचे नाव दिले. शास्त्रीय शोध आणि गुरुदक्षिणा यांचा असा मेळ विरळाच म्हणावा लागेल.

या अनुभवाच्या बळावर ऑक्टोबर १९२४ मध्ये, विजयादशमीच्या मुहूर्तावर, लोणावळ्यात कैवल्यधाम या संस्थेची स्थापना झाली. त्याच वर्षी 'योगमीमांसा' हे त्रैमासिक सुरू झाले. योगक्रियांवरील प्रयोगांचे वृत्तान्त नियमितपणे छापणारे ते पहिलेच नियतकालिक मानले जाते. एका विभागात शास्त्रीय मोजमापे, तर दुसऱ्यात सामान्य वाचकासाठी आसने आणि प्राणायाम, अशी त्याची रचना होती. 'आसन' आणि 'प्राणायाम' हे त्यांचे ग्रंथही याच लेखनातून आकाराला आले.

प्राणवायूचा गैरसमज

प्राणायामामुळे शरीराला भरपूर प्राणवायू मिळतो, हा समज तेव्हा रूढ होता आणि आजही अनेकांच्या तोंडी आहे. कुवलयानंदांनी उच्छ्वासातील वायूंचे पृथक्करण करून त्याला हात घातला. संथ श्वसन आणि कुंभक यांत प्राणवायू जास्त प्रमाणात शोषला जातो असे त्यांना आढळले नाही. प्राणायामाचे महत्त्व अन्यत्र शोधावे लागेल, असे त्यांनी मांडले. छातीतील आणि पोटातील दाबांचे नियंत्रित चढउतार आणि त्यांचा मज्जासंस्थेवर होणारा परिणाम याला त्यांच्या विवेचनात अग्रस्थान होते. आपल्याच विद्येविषयीचा एक लोकप्रिय दावा त्यांनी मोडीत काढला, यातच त्यांच्या प्रामाणिकपणाची कसोटी लागते.

दाबाचे हे गणित दुधारी आहे. उड्डियानात छातीतील दाब उतरतो. याउलट छाती भरून श्वास घेतला, कंठ मिटला आणि जोर लावला, तर तो झपाट्याने चढतो. इटलीतील बोलोन्या येथील शरीररचनाशास्त्रज्ञ आंतोनियो वाल्साल्वा यांनी १७०४ मध्ये कानाविषयीच्या ग्रंथात अशा जोर लावण्याचे वर्णन केले, म्हणून वैद्यक त्याला त्यांच्याच नावाने ओळखते. या स्थितीत शिरांमधून हृदयाकडे परतणारे रक्त अडते, हृदयातून बाहेर पडणारा प्रवाह घटतो आणि नाडी क्षीण होते. जोर सोडताच अडलेले रक्त उसळून पुढे येते आणि रक्तदाब काही क्षण नेहमीपेक्षा वर जातो. जड वजन उचलणारा मल्ल किंवा बद्धकोष्ठाने त्रासलेला रुग्ण नकळत हेच करतो. निरोगी माणूस हा हेलकावा सोसतो. हृदयविकार वा उच्च रक्तदाब असलेल्याला मात्र तो भोवू शकतो.

हृदय थांबवून दाखवण्याच्या योग्यांच्या दाव्याचे रहस्यही यातच दडलेले होते. फ्रान्सच्या तेरेझ ब्रॉस १९३५ मध्ये विद्युत् हृदयालेखनाचे यंत्र घेऊन भारतात आल्या आणि त्यांच्या नोंदींनी या दाव्याला बळ मिळाल्यासारखे वाटले. पुढे वेंगर, बागची आणि आनंद या संशोधकांनी भारतात पुन्हा प्रयोग केले आणि १९६१ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले. श्वास रोखून, छाती आणि पोट ताठ केल्याने मनगटावरची नाडी लागेनाशी होत होती, हृदयाचे ठोकेही ऐकू येत नव्हते. आलेखावर मात्र हृदयाचे स्पंदन चालूच होते. मोजल्याविना विश्वास ठेवू नये, हा कुवलयानंदांचा आग्रह किती योग्य होता, हे त्यातून पुन्हा सिद्ध झाले.

मर्यादेचे भान

शिकवताना ते म्हणूनच सावध असत. आरोग्यासाठी येणाऱ्या नवशिक्याला कुंभकाचा सराव न देता पूरकाच्या दुप्पट वेळ रेचक करण्याचा क्रम ते सांगत. दीर्घ कुंभकाची वाट अध्यात्मसाधकासाठी आणि तीही जाणकाराच्या देखरेखीखाली. सिंह किंवा हत्ती जसा हळूहळू माणसाळवतात तसाच प्राण वश करावा, अन्यथा तो साधकाचाच घात करतो, हा 'हठप्रदीपिके'तील इशारा त्यांच्या दृष्टीने अलंकार नव्हता. श्वास घेण्याची अनिवार ओढ मुख्यतः रक्तात साठणाऱ्या कर्बवायूमुळे निर्माण होते. आधी जोरजोराने श्वसन करून तो वायू कमी केला आणि मग श्वास रोखला, तर ओढ जाणवण्याआधीच शुद्ध हरपू शकते. पाण्यात तर ते प्राणावरच बेतते.

त्यांचा सल्ला घेणाऱ्यांत महात्मा गांधी आणि पंडित मोतीलाल नेहरू यांच्यासारखी माणसे होती. १९२७ मध्ये गांधीजी रक्तदाबाने आजारी असताना योगोपचारांविषयी दोघांत पत्रव्यवहार झाला. अमेरिकेतील येल विद्यापीठाचे कोवूर बेहनन यांनी लोणावळ्यात राहून प्राणायामाचा अभ्यास केला आणि १९३७ मध्ये त्यावर ग्रंथ लिहिला. मुंबईत १९३२ मध्ये शाखा निघाली आणि १९३६ मध्ये मरीन ड्राइव्हवर योगोपचार केंद्र उभे राहिले. मुंबई सरकारच्या शारीरिक शिक्षण समितीचे अध्यक्षपदही १९३७ मध्ये त्यांच्याकडे आले. अखेरच्या पर्वात, १९६१ मध्ये, लोणावळ्यात योगोपचारांसाठी रुग्णालय सुरू झाले.

१८ एप्रिल १९६६ रोजी त्यांचे निधन झाले. त्यांच्यामागे स्वामी दिगंबरजी यांनी संस्थेची धुरा वाहिली. हवाबंद खड्ड्यात राहणाऱ्या व्यक्तींवर लोणावळ्यात झालेले प्रयोग १९६८ मध्ये वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाले. त्यातून गुरूंची चिकित्सक वृत्ती संस्थेत रुजल्याचेच दिसते. २०१९ मध्ये भारतीय टपाल खात्याने त्यांच्या स्मरणार्थ तिकीट काढले.

आज गल्लोगल्ली प्राणायामाचे वर्ग भरतात आणि श्वास किती वेळ रोखता येतो याच्या पैजाही लागतात. काही मिनिटांच्या श्वासरोधाने असाध्य रोग बरे करण्याची आश्वासनेही दिली जातात. अशा वेळी कुवलयानंदांच्या कार्याचे मोल अधिकच जाणवते. योगावर त्यांची निस्सीम श्रद्धा होती आणि तरीही तिला त्यांनी तराजूत घातले. जे टिकले ते शिकवले आणि जे टिकले नाही ते छापून मोकळे झाले. गुरूची विद्या त्यांनी उघड्यावर आणली, पण तिची प्रतिष्ठा तसूभरही कमी होऊ दिली नाही.