एव्हरेस्ट शिखर सगळ्यांना माहितीये, पण एव्हरेस्ट साहेबांचं हे यंत्र माहितीये का?

एव्हरेस्ट म्हटलं की आपल्याला हिमालय आठवतो. पण ज्यांचं नाव त्या शिखराला मिळालं, त्या जॉर्ज एव्हरेस्ट यांचा खरा कस लागला तो कृष्णा-गोदावरीमधल्या जंगलात.

1790 साली जन्मलेले एव्हरेस्ट 1818 मध्ये विल्यम लॅम्ब्टन यांचे मदतनीस झाले. लॅम्ब्टन तेव्हा दक्षिणेकडून भारत मोजत वर सरकत होते. दुर्बिणीतून बघून कोन मोजायचं त्यांचं मोठं यंत्र, म्हणजे थिओडोलाइट, तब्बल अर्ध्या टनाचं होतं. 1808 मध्ये तंजावरच्या मंदिरावर चढवताना दोर तुटला आणि ते भिंतीवर आदळलं.

1819 मध्ये एव्हरेस्ट यांना कृष्णा-गोदावरीमधल्या जंगलात पाठवलं. सिरोंचाजवळून वाहते तीच ही गोदावरी. पावसाळा, दाट झाडी आणि ताप. पथक आजारी पडलं, काही जण दगावले. 1820 मध्ये एव्हरेस्ट यांना तब्येतीसाठी आफ्रिकेच्या केपला जावं लागलं.

1823 मध्ये लॅम्ब्टन हिंगणघाटला वारले आणि सगळी जबाबदारी एव्हरेस्ट यांच्यावर आली. दिवसा धुरकट हवेत लांबचं निशाण दिसत नसे, म्हणून त्यांनी रात्री दिवे लावून मोजणी सुरू केली. त्यातला एक दिवा तर अगदी साधा. तेलात भिजवलेली सरकी पेटवायची आणि वर बाजूला भोक असलेलं मातीचं भांडं उपडं ठेवायचं.

आजारपणामुळे 1825 मध्ये ते इंग्लंडला गेले. तिथं आराम करण्याऐवजी ते यंत्रं बनवणाऱ्यांच्या मागे लागले. त्यातूनच ‘एव्हरेस्ट थिओडोलाइट’ आला. हे यंत्र लहान आणि बुटकं होतं. उभ्या पूर्ण वर्तुळाऐवजी त्याला फक्त दोन कमानी होत्या. यंत्र समपातळीत आणायला चारऐवजी तीनच स्क्रू. त्यामुळे ते उचलायला, मांडायला आणि बांधून पुढे न्यायला सोपं झालं. तापाच्या जंगलात मुक्काम जितका लांबेल तितका जिवाला धोका, त्यामुळे हा सुटसुटीतपणा फार मोलाचा होता.

1830 मध्ये ते भारताचे सर्व्हेयर जनरल होऊन परतले आणि 1843 मध्ये निवृत्त झाले. शिखराची उंची मोजली गेली ती त्यानंतर. आपलं नाव इथल्या लोकांना उच्चारता येणार नाही, असं म्हणत त्यांनी नाव द्यायला विरोधही केला होता. तरी 1865 मध्ये ते दिलंच गेलं आणि पुढच्याच वर्षी एव्हरेस्ट वारले.

शिखराला त्यांचं नाव इतरांनी दिलं. थिओडोलाइटला मात्र ते त्यांच्या स्वतःच्या कामामुळे मिळालं, आणि तो पुढे कित्येक वर्षं मोजणीदारांच्या हातात राहिला.