जॉन स्टुअर्ट मिल : सुखाच्या हिशेबापलीकडे

आपल्या मुलाने खूप शिकावे आणि सुखी व्हावे, अशी प्रत्येक आईवडिलांची इच्छा असते. पहिली गोष्ट साधली की दुसरी आपोआप येते, असेही आपण मनोमन धरून चालतो. एकोणिसाव्या शतकातील थोर इंग्रज तत्त्वचिंतक जॉन स्टुअर्ट मिल यांचे चरित्र वाचताना या समजुतीला धक्का बसतो. सुख म्हणजे काय आणि जगण्यासारखे आयुष्य कोणते, या प्रश्नांवर त्यांनी ग्रंथ लिहिले. परंतु त्याआधी हे प्रश्न त्यांना स्वतःच्या जीवनात सोसावे लागले होते.

जॉनचा जन्म 20 मे 1806 रोजी लंडनमध्ये झाला. नऊ भावंडांत तो थोरला. वडील जेम्स मिल हे विद्वान, कष्टाळू आणि करारी गृहस्थ. जेरेमी बेंथॅम हे त्यांचे स्नेही. जास्तीत जास्त लोकांचे जास्तीत जास्त सुख, हीच नीतीची आणि कायद्याची खरी कसोटी, असे बेंथॅम यांचे प्रतिपादन होते. सुखदुःखाची तीव्रता, कालावधी, निश्चिती असे घटक मोजून त्याचा हिशेब मांडता येतो, अशी त्यांची धारणा होती. या विचाराचा वारसा पुढे चालवील असा माणूस आपल्या घरातच घडवायचा, असे जेम्स मिल यांनी ठरवले.

जॉनला त्यांनी शाळेत घातले नाही, स्वतःच शिकवले. तिसऱ्या वर्षी ग्रीक आणि आठव्या वर्षी लॅटिन सुरू झाले. वडील टेबलाच्या एका बाजूस हिंदुस्थानचा इतिहास लिहीत बसत आणि त्याच टेबलावर मुलगा ग्रीकचा धडा करी. अडलेला प्रत्येक शब्द तो वडिलांनाच विचारी. बाराव्या वर्षी तर्कशास्त्र आणि तेराव्या वर्षी अर्थशास्त्र आले. फिरायला जाताना वडील विषय समजावून सांगत. दुसऱ्या दिवशी मुलाने त्याचा गोषवारा लिहून दाखवायचा. धाकट्या भावंडांना लॅटिन शिकवण्याचे कामही त्याच्याकडेच होते. सुट्टी नव्हती, बरोबरीचे सवंगडी नव्हते. मात्र ही घोकंपट्टी नव्हती, हेही सांगितले पाहिजे. स्वतः विचार केल्यावाचून मुलाला उत्तर मिळत नसे. चौदाव्या वर्षी तो फ्रान्सला निघाला तेव्हा वडिलांनी त्याला बजावले, की तुला इतरांहून अधिक येते यात तुझी थोरवी नाही. शिकवणारा बाप लाभला, हे तुझे भाग्य.

पंधराव्या वर्षी त्याने बेंथॅम यांचे विचार वाचले आणि जगाची सुधारणा हे त्याचे जीवितध्येय ठरले. सतराव्या वर्षी, 1823 मध्ये, तो वडिलांच्या हाताखाली ईस्ट इंडिया कंपनीच्या लंडनच्या कचेरीत नोकरीला लागला. लेख, वादसभा, बेंथॅम यांच्या पाच खंडांच्या ग्रंथाचे संपादन असे एकामागून एक काम तो उपसत होता.

आणि 1826 च्या शरद ऋतूत, विसाव्या वर्षी, हे सारे अचानक थांबले. एका उदास दिवशी त्याने स्वतःला विचारले : ज्या सुधारणांसाठी आपण झटतो आहोत त्या सर्व या क्षणी घडून आल्या, तर आपल्याला आनंद होईल का? मनाने स्वच्छ नकार दिला. ज्या पायावर आयुष्य उभे होते तोच खचला. तो रोज कचेरीत जाई, नेमलेले काम करी. पण आत काहीच उरले नव्हते. संगीत हा त्याचा विसावा, तर तिथेही चिंता : सप्तकात स्वर मोजकेच, मग त्यांच्यापासून होणाऱ्या रचना एक दिवस संपून जाणार नाहीत का? हे दुःख त्याने कुणापाशी बोलून दाखवले नाही. वडिलांपाशी तर नाहीच. कारण शिक्षणाचा हा सारा खटाटोप निष्फळ ठरला, हे त्यांना कोणत्या तोंडाने सांगायचे?

सुटका झाली ती एका साध्या प्रसंगाने. मार्मोंतेल या फ्रेंच लेखकाच्या आठवणी वाचताना, वडिलांच्या मृत्यूनंतर कुटुंबाचा आधार होण्याचा निश्चय करणाऱ्या मुलाचे वर्णन आले आणि जॉनच्या डोळ्यांत अश्रू उभे राहिले. आपले मन दगड झालेले नाही, हे त्याला त्या अश्रूंनी कळवले. पुढे 1828 मध्ये वर्डस्वर्थच्या कविता हाती आल्या. डोंगर, झरे आणि साधी माणसे यांच्यातून मिळणारा तो शांत आनंद कुणाकडून हिरावून घ्यावा लागत नव्हता. तो सर्वांना वाटून घेता येण्याजोगा होता.

या अनुभवातून मिल यांच्या विचाराला वळण मिळाले. सुख हेच जीवनाचे साध्य, हे त्यांनी कधी सोडले नाही. परंतु सुखावर नजर रोखून चालणाऱ्याला ते सापडत नाही, असे त्यांचे मत झाले. दुसऱ्याचे हित, एखादी कला, एखादे कार्य यांत माणूस रमला की सुख वाटेत भेटते. दुसरे असे की बुद्धीइतकीच भावनेचीही मशागत करावी लागते. 1861 मध्ये प्रसिद्ध झालेल्या उपयुक्ततावादावरील निबंधात त्यांनी बेंथॅम यांच्या हिशेबात मोठी दुरुस्ती केली : सुखांमध्ये केवळ कमीअधिकपणा नसतो, तर उच्चनीचताही असते. विचार, सहृदयता आणि कलास्वाद यांची गोडी ज्याने चाखली, तो त्यातील अतृप्तीसह ते जीवन पत्करील. पोटभर तृप्त पशूचे जीवन पत्करणार नाही.

1830 मध्ये त्यांची हॅरिएट टेलर यांच्याशी ओळख झाली. त्या विवाहित होत्या. लोकापवाद सोसूनही वैचारिक सख्य टिकले आणि पतीच्या निधनानंतर 1851 मध्ये दोघांचा विवाह झाला. कायद्याने पतीला पत्नीवर दिलेले अधिकार आपल्याला मान्य नाहीत, असे मिल यांनी त्या वेळी लिहून ठेवले. 1858 मध्ये फ्रान्समधील अविन्यो येथे हॅरिएट निवर्तल्या. पुढच्याच वर्षी स्वातंत्र्यावरील ग्रंथ त्यांना अर्पण होऊन प्रसिद्ध झाला. प्रत्येकाला आपापल्या प्रकृतीनुसार वाढू देणे हाच हिताचा मार्ग, हे त्याचे सूत्र. साच्यात घालून घडवल्या गेलेल्या मुलानेच ते लिहावे, हे लक्षात घेण्याजोगे आहे. पार्लमेंटचे सभासद असताना 1867 मध्ये त्यांनी स्त्रियांच्या मताधिकारासाठी दुरुस्ती मांडली. ती फेटाळली गेली, पण बाजूने 73 मते पडली.

आपल्या देशाशी त्यांचा संबंध पस्तीस वर्षांच्या नोकरीचा. ते इकडे कधी आले नाहीत. स्वातंत्र्याचे तत्त्व हिंदुस्थानासारख्या देशाला लागू करण्यास ते कचरले, हा त्यांच्या विचारातील दोष झाकण्याचे कारण नाही. मात्र 1836 मध्ये, इंग्रजी शिक्षणालाच सरकारी पाठबळ देण्याच्या धोरणावर टीका करणारा खलिता त्यांनीच तयार केला होता. ज्ञान लोकांपर्यंत पोहोचायचे तर ते त्यांच्याच भाषांतून, असे त्यात प्रतिपादन होते. वरिष्ठांनी तो खलिता अडवला. पुढे गोपाळ गणेश आगरकरांनी मिल आणि स्पेन्सर यांचे ग्रंथ अभ्यासले आणि 1888 मध्ये सुरू केलेल्या ‘सुधारक’ पत्रातून विवेक, व्यक्तिस्वातंत्र्य आणि स्त्रीशिक्षण यांचा पुरस्कार मराठीतच केला.

मिल यांना वनस्पतींचा मोठा छंद होता. अखेरच्या दिवसांतही ते रानफुलांच्या शोधात दूरवर पायी हिंडून आले. 7 मे 1873 रोजी अविन्यो येथे त्यांचे निधन झाले. पत्नीशेजारीच त्यांना चिरविश्रांती मिळाली.

वडिलांनी दिलेल्या शिक्षणाबद्दल मिल अखेरपर्यंत कृतज्ञ होते. त्यात उणे काय होते, तेही त्यांनी आत्मचरित्रात मोकळेपणाने नोंदवले. साठ वर्षांची आपली शाळा आठवताना कुणाला गणिताचा तास आठवेल, कुणाला स्नेहसंमेलनातील नाटक, कुणाला मैदानावरची धूळ, तर कुणाला डबा वाटून खाणारा मित्र. यांपैकी पहिल्या गोष्टीची नोंद गुणपत्रिकेत झाली, बाकीच्यांची झाली नाही. जॉनच्या बालपणात नेमक्या त्याच राहून गेल्या होत्या. आपल्या पाल्याची गुणपत्रिका हाती घेताना पालकांनी एवढे ध्यानात ठेवले, तरी या चरित्राचे वाचन सार्थकी लागेल.