जळत्या शहरातून वाळलेली फुलं वाचवणाऱ्या अ‍ॅलिस ईस्टवुड

१८ एप्रिल १९०६. पहाटे पाच वाजून गेले होते, तेव्हा अमेरिकेतलं सॅन फ्रान्सिस्को शहर भूकंपाने हादरलं. पाठोपाठ जागोजागी आगी लागल्या. लोक जीव मुठीत धरून पळत असताना ४७ वर्षांच्या अ‍ॅलिस ईस्टवुड यांनी मात्र कॅलिफोर्निया अ‍ॅकॅडमी ऑफ सायन्सेसची इमारत गाठली. तिथे सहाव्या मजल्यावर त्यांनी सांभाळलेला वनस्पतींचा संग्रह होता.

अ‍ॅलिस यांचा जन्म १८५९ साली कॅनडातल्या टोरंटो इथला. सहा वर्षांच्या असताना आई गेली. पुढे १८७३ मध्ये त्या डेन्व्हरला आल्या. कॉलेजचं तोंडही न पाहता त्या वनस्पतिशास्त्र स्वतःच शिकल्या. दहा वर्षं शाळेत शिकवलं आणि सुट्टीत रॉकी पर्वतातली रानफुलं गोळा केली. १८८७ मध्ये प्रसिद्ध निसर्गशास्त्रज्ञ आल्फ्रेड रसेल वॉलेस तिथे आले, तेव्हा ग्रेज पीक या शिखरावर त्यांच्या वाटाड्या अ‍ॅलिसच होत्या. १८९२ मध्ये त्या अ‍ॅकॅडमीत रुजू झाल्या.

नव्या वनस्पतीचं वर्णन ज्या नमुन्यावरून होतं, त्याला 'टाइप' नमुना म्हणतात. पुढे नावावरून वाद झाला, तर निवाडा याच नमुन्याच्या आधारे होतो. तो हरवला, तर मूळ पुरावाच जातो. तेव्हा असे नमुने इतर हजारो नमुन्यांमध्येच मिसळून ठेवायची पद्धत होती. अ‍ॅलिस यांनी ती मोडून ते वेगळ्या कपाटात ठेवले होते.

हीच सवय त्या दिवशी कामी आली. जिना ढासळलेला होता. कठड्याच्या लोखंडी गजांवर पाय रोवत, एका मित्राच्या सोबतीने त्या वर चढल्या. शोधाशोध करायची गरजच नव्हती. नमुन्यांचे गठ्ठे बांधून दोरीने खाली सोडले गेले. जवळपास दीड हजार नमुने वाचले. बाकीचा संग्रह आणि त्यांचं स्वतःचं बरंचसं काम आगीत गेलं.

वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी पुन्हा शून्यापासून सुरुवात करायची होती. पुढची काही वर्षं त्यांनी हार्वर्ड आणि लंडनजवळचं क्यू इथल्या संग्रहांचा अभ्यास केला. १९१२ मध्ये त्या अ‍ॅकॅडमीत परतल्या आणि पुन्हा डोंगरदऱ्या पालथ्या घालू लागल्या. त्यांच्या कारकिर्दीत संग्रहात तीन लाखांहून जास्त नमुन्यांची भर पडली.

१९४९ मध्ये, नव्वदीत, त्या निवृत्त झाल्या. पुढच्याच वर्षी स्टॉकहोमला आंतरराष्ट्रीय वनस्पतिशास्त्र परिषदेच्या मानद अध्यक्षा म्हणून त्यांचा गौरव झाला. वनस्पतींना शास्त्रीय नावं देण्याची पद्धत रुजवणाऱ्या कार्ल लिनियस यांच्या खुर्चीत बसण्याचा मानही त्यांना तिथे मिळाला.

३० ऑक्टोबर १९५३ रोजी त्यांचं निधन झालं. कॅलिफोर्नियाच्या कोरड्या टेकड्यांवर पिवळी फुलं येणारं एक झुडूप वाढतं. त्याच्या प्रजातीचं नाव आहे, ईस्टवुडिया.